पोतनिसांची नक्कल

यज्ञेश्वर पोतनिसांबद्दल लिहायला मला कुणी सांगितलेलं नाही. उलट अलका, म्हणजे माझी बायको, म्हणाली, "आता कशाला उकरून काढता? झालं गेलं." झालं खरं, पण गेलं कुठे? बँकेतून रिटायर होऊन सात वर्षं झाली. वेळ भरपूर आहे, आणि वेळ असला की स्वतःची लाज जरा जास्तच तपशिलात आठवते. म्हणून लिहितोय.

मला उज्जैनात सगळे भय्यासाहेब म्हणतात. बँकेत हेडकॅशियर होतो, पण माझी ओळख ती नाही. ओळख नकलांची. आमच्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात संध्याकाळची आरती झाली की एक दिवस माझा अर्धा तास ठरलेला असायचा. मॅनेजर, भटजी, बसचा कंडक्टर, पुण्याहून आलेला जावई, कुणालाही सोडलं नाही. आणि आमच्या लोकांची एक खोड सांगतो. मी स्टेजवर ज्याला जसा दाखवला, तो माणूस पुढे जन्मभर तसाच. एका मास्तरांना मी नकलेत तपकीर ओढायला लावली. बिचाऱ्यांनी आयुष्यात तपकिरीला हात लावला नव्हता. तरी त्यांच्या साठीला लोक तपकिरीची चांदीची डबी घेऊन गेले. मला त्याचा केवढा अभिमान होता म्हणून सांगू.

आता पोतनीस. शिंदे सरकारच्या खजिन्यावर असायचे ते पोतनीस. सरकार गेलं, खजिना गेला, आडनाव राहिलं. यज्ञेश्वरराव माधवनगरच्या बाजूला दोन खोल्यांत राहायचे आणि एका कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत अटेंडंट होते. विसाव्या वर्षी लागले. पहिल्या वर्षी सापांच्या बरण्या पुसल्या, दुसऱ्या वर्षी त्यांवरची लेबलं वाचली, तिसऱ्या वर्षापासून प्राध्यापकांच्या चुका काढायला लागले, त्याही मनातल्या मनात. उंच, हडकुळे, मान जरा पुढे. चालताना आधी टाच टेकवायची, अंदाज घ्यायचा, मग चवडा. गवतातून चालायची सवय, ती डांबरी रस्त्यावरही सुटली नाही. आणि बोलणं असं संथ की ऐकणाऱ्याचा चहा निवावा. प्रत्येक वाक्याच्या शेवटी, "असं आहे बघा."

ब्याण्णवचा सिंहस्थ झाला आणि उज्जैन एकदम हातपाय पसरायला लागलं. केबल आली, कोपऱ्याकोपऱ्यावर पीसीओ आले, ज्याला त्याला प्लॉट पाहिजे झाला. नानाखेड्याकडची सोयाबीनची शेतं बघता बघता कॉलनी झाली. आम्हीही तिथेच बांधलं. पहिल्याच पावसाळ्यात घरोघर साप. मोरीत साप, स्कूटरच्या डिकीत साप, एकीच्या तर चपलेत. मग आमच्या लोकांना पोतनीस आठवले.

कॉलेज सुटलं की सायकलवरून यायचे. खांद्याला जाड खादीची दुहेरी पिशवी, नाडी ओढून बंद होणारी. त्यांच्या बायकोनं, वासंतीवहिनींनी, हातानं शिवलेली. सोबत एक आकडा लावलेली काठी. साप धरायचे, पण लगेच जायचे नाहीत. सगळ्या घराला बोलवायचे आणि दाखवायचे. "बघा, ही धामण. उंदीर खाते, तुमचा गहू वाचवते. ही दिवड, पाण्यातली. आपल्या देशात पावणेतीनशे जातींचे साप आहेत. विषारी साठेक, त्यातले बरेच समुद्रात. माणसं मारणारे मुख्य चार. नाग, मण्यार, घोणस, फुरसं. चार जणांसाठी पावणेतीनशेंना काठी कशाला? असं आहे बघा." पैसे घेत नसत. चहा घ्यायचे, तोही अर्धा कप. साप शहराबाहेर ओढ्याकाठी सोडून मग घरी. मी एकदा विचारलं, "इतके साप आले कुठून हो आमच्याकडे?" तर म्हणाले, "भय्यासाहेब, तुमची गॅलरी आहे ना, तिथे शेताचा बांध होता. बांधात उंदीर, उंदरामागे तो. त्याला तुमची रजिस्ट्री कुठे वाचता येते?"

नागपंचमीला सगळं उज्जैन नागचंद्रेश्वराच्या रांगेत उभं असायचं. वर्षातून तो एकच दिवस दर्शनाचा. आमच्या घरी अलका त्या दिवशी काही चिरायची नाही, तवा चढवायची नाही, पुरणाची दिंडं उकडायची. पोतनीस मात्र रजा काढून सपेऱ्यांच्या मागे हिंडायचे. त्यांना चहा पाजायचे, गोड बोलून टोपल्यांतल्या नागांच्या शिवलेल्या तोंडांचे टाके काढायचे. कुणी दूध पाजायला लागलं तर हात जोडायचे. असा माणूस. त्याच्यात हसण्यासारखं पुष्कळ होतं, पण वाईट एक गोष्ट मला शोधून सापडली नसती. म्हणून मी ती बनवली.

त्र्याण्णवच्या पावसाळ्यात माझ्याच मोरीत साप निघाला. मी नुकती अंघोळ करून टॉवेलवर. तिथे आमचं नवं कोरं वॉशिंग मशीन होतं, कॉलनीतलं पहिलं. मी त्यावर चढलो आणि "मण्यार, मण्यार" म्हणून जे ओरडलो ते तीन घरं पलीकडे ऐकू गेलं. अलकानं पीसीओवरून कॉलेजात फोन केला. पोतनीस येईपर्यंत पाऊण तास मी मशीनवर. ते आले, वाकले, आणि बोटाएवढा जाड साप अलगद उचलून म्हणाले, "कवड्या आहे. बिनविषारी. याचे पट्टे डोक्याकडे ठळक, शेपटीकडे पुसट. मण्यारीचं उलटं. मानेशी पट्टे नसल्यासारखेच, शेपटीकडे स्पष्ट. उतरा, भय्यासाहेब."

मला त्यांनी हात दिला, उतरवलं, बाहेर कुणाजवळ चकार शब्द काढला नाही. पण अलकाचं तोंड थोडंच बंद राहणार? तिनं भजनी मंडळात सांगितलं. आठवडाभरात माझं नाव पडलं वॉशिंग मशीन. बँकेत शिपाईसुद्धा तोंड वळवून हसायचा. दुसऱ्यांची टिंगल करून पोट भरणारा माणूस मी, मला स्वतःची सहन होईना. राग अलकावर काढायचा तर तिच्या हातचं जेवायचं होतं. तो निघाला पोतनिसांवर. का? तर त्यांनी मला तसं बघितलं होतं म्हणून. दुसरं कारण नाही, शोधलं तरी सापडत नाही.

चौऱ्याण्णवच्या गणेशोत्सवात मी नक्कल बसवली. त्या दिवसांत ज्याला बघावं तो कशाचा ना कशाचा एजंट. विम्याचा, केबलचा, पाणी गाळायच्या यंत्राचा. मी पोतनिसांना सापांचा एजंट केलं. टाच, मग चवडा, मान पुढे, खांद्याला पिशवी. आधी मोरीच्या जाळीतून गुपचूप एक साप आत सोडतात. मग पुढच्या दारी येऊन घंटी वाजवतात. "साप आहे का हो आपल्याकडे? नाही? बघा, असेल. नसेल तर देतो. असं आहे बघा."

हॉल कोसळला. लोक खुर्च्यांवरून वाकून हसले. एका म्हातारबुवांना ठसका लागून बाहेर न्यावं लागलं. त्या दिवशी मला जे वाटलं, ते नंतर बँकेच्या प्रमोशनलाही वाटलं नाही.

आणि मग आमच्या लोकांनी नेहमीचं केलं. दिवाळीपर्यंत ती नक्कल राहिली नाही, बातमी झाली. "भिया, पोतनीस पकडने से पहले खुद ही छोड़ता है," असं आमच्या हिंदी शेजाऱ्यांनी मलाच येऊन सांगितलं, गुपित सांगावं तसं. मी काय म्हणालो? मी "अच्छा?" म्हणालो. तिथेच, त्या फाटकात उभ्या उभ्या, "अहो, ते मी रचलंय" एवढे चार शब्द बोललो असतो तर पुढचं काही घडलं नसतं. पण माझी नक्कल इतकी पसरली याचं आत कुठेतरी बरंच वाटत होतं. थू माझ्या जिंदगीवर.

एक दिवस अलका शेजारून आली ती रडकुंडीला येऊन. शेजारी साप निघाला होता, पोतनीस आले होते. ती म्हणाली, "अहो, दारात थांबले आणि आधी पिशवी उलटी करून झटकून दाखवली. मग शर्टाचे खिसे बाहेर काढले. मग विचारलं, येऊ का आत? आणि ती बाई हो म्हणाली हो. त्यांना खिसे काढू दिले तिनं." मी पेपर वाचत होतो. वाचतच राहिलो.

पुढे तर त्यांनी पिशवी आणणंच सोडलं. काठीही. लोक म्हणत, पिशवीला दोन कप्पे आहेत. म्हणून रिकाम्या हातानं यायचे आणि ज्याच्या घरी साप त्याच्याच घरची काठी, त्याच्याच घरचा उशीचा अभ्रा मागायचे. साप पकडायला उशीचा अभ्रा. पंचवीस वर्षांचा अनुभव असलेला माणूस, आणि दुसऱ्यानं दिलेल्या फडक्याच्या भरवशावर जीव धोक्यात घालायचा.

पंचाण्णवच्या जुलैत आमच्या कोठीच्या खोलीत गव्हाच्या पोत्यांमागे साप दिसला. रविवार होता, सकाळचे अकरा. या खेपेला ओरडलो नाही, एवढी सुधारणा. मी म्हणालो, कुणाला तरी लाठी घेऊन बोलवू. अलका म्हणाली, "खबरदार. पोतनीस भावजींना बोलवते." ती स्वतः रिक्षा करून त्यांना घेऊन आली.

ते दारात थांबले. फाटकाशी चार शेजारी जमलेले. त्यांनी दोन्ही हात पुढे करून दाखवले, खिसे बाहेर काढले, माझ्याकडे न बघता म्हणाले, "वहिनी, एक अभ्रा द्या. जाड असला तर बरं."

अलका म्हणाली, "अहो, कपाटातला नवा काढा." मी आत गेलो. नव्या अभ्र्यांची जोडी होती, जाड मांजरपाटाची. खाली एक जुना, भैरवगढच्या छापाचा, धुऊन धुऊन जाळी झालेला. साप घालायला नवा कशाला, असा विचार मी केला. केला, हे लिहायलाच पाहिजे. जुना आणून दिला. त्यांनी तो उजेडात धरून बघितला. क्षणभर वाटलं, बदलून मागतील. पण चार लोक बघत होते, आणि या घरी नखरे करायची त्यांची सोय मी ठेवली नव्हती. मलाही बोलता आलं असतं, "यज्ञेश्वरराव, तुमची पिशवी आणा, मी थांबतो." लोक होते म्हणून मीही बोललो नाही.

साप त्यांनी नीट आत घेतला. काळा, चकाकता. गाठ मारत होते तेव्हा कापडाच्या आतून डोकं अंगठ्यापाशी आलं. त्यांनी हात झटकला नाही. गाठ पुरी केली, अभ्रा बादलीत ठेवला, वर झाकण ठेवलं, आणि अंगठ्याकडे बघितलं. रक्त नाही, सूज नाही.

"मण्यार आहे," म्हणाले. "किती वाजले?"

"अकरा वीस," अलका म्हणाली.

"लिहून ठेवा. डॉक्टर विचारतील. कापू नका, घट्ट बांधू नका, गाडी बोलवा. आणि त्याला मारू नका, त्याला दाबलं म्हणून चावला. असं आहे बघा."

शेजाऱ्यांच्या मारुती व्हॅनमधून नेलं. दीड वाजता त्यांच्या पापण्या जड झाल्या. "डोळे उघडा," म्हटलं तर भुवया वर जायच्या, पापण्या नाही. मग जीभ जड झाली. मग श्वास. इंजेक्शनं चालूच होती, पण दवाखान्यातलं श्वासाचं एकुलतं एक यंत्र दुसऱ्या पेशंटला लावलेलं होतं. डॉक्टरांनी घशात नळी घातली, तिला रबरी फुगा जोडला आणि तो माझ्या हातात दिला. "दबाते रहिए. रुकना मत. आप रुके तो ये रुके."

मी, वासंतीवहिनी, अलका, कॉलेजातले दोघं. आळीपाळीनं दाबत राहिलो. माझी बोटं आखडली तरी मी फुगा सोडत नव्हतो, अलकानं ओढून घेतला. वहिनी एवढंच म्हणाल्या, "त्यांना सगळं ऐकू येत असतं, डॉक्टर म्हणाले. बोला त्यांच्याशी." मी नुसते अलकाचे दाब मोजत राहिलो. आयुष्यभर बडबड केलेला माणूस मी. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांचं बोट हललं, तिसऱ्या दिवशी नळी निघाली. मी घरी आलो तर फाटकाशी ती बादली पालथी पडलेली होती. साप अभ्र्यासकट ठेचला होता. शेजारी म्हणाला, "आपलाच माल अंगावर आला त्याच्या, काय?" आणि हसला. म्हणजे माणूस मरणाच्या दारातून आला, तरी नक्कल चालूच.

त्यानंतर मात्र मला राहवेना. पंधरा दिवसांनी त्यांच्या घरी गेलो. ते खाटेवर बसून वरणभात खात होते. मी सगळं ओकलो. वॉशिंग मशीन, राग, नक्कल, जुना अभ्रा. त्यांनी ताट बाजूला ठेवलं.

"मला माहीत आहे," म्हणाले. "मी होतो ना हॉलमध्ये. तिसऱ्या रांगेत."

"मग तुम्ही काही बोलला का नाहीत?"

"काय बोलणार? नक्कल चांगली होती. चाल तर हुबेहूब." पाण्याचा घोट घेतला. "भय्यासाहेब, मी बरण्या धुणारा माणूस. मला कोण ओळखतो? पण लोक मला थेट मोरीपर्यंत, कोठीपर्यंत नेत होते. बायामाणसं घरात एकटी असली तरी दार उघडत होती. माझ्याकडे तेवढंच होतं बघा. ते परत द्या. जिथे बोललात तिथेच उभं राहून एकदा सांगा की खोटं होतं. दुसरं काही नको."

वासंतीवहिनी दारात उभ्या होत्या. मी त्यांच्यासमोर हात जोडून शब्द दिला.

पुढचं आयुष्य आधीच सांगून टाकतो, कारण गणेशोत्सवातल्या त्या संध्याकाळबद्दल लिहिल्यावर मला आणखी काही लिहवणार नाही. पोतनिसांनी पुन्हा साप धरला नाही. कॉलनीत साप निघाला की लोक लाठ्या घेऊन जमायचे. धामण, दिवड, कवड्या, जे निघेल ते ठेचायचे. ते कॉलेजातून रिटायर झाले आणि वहिनींच्या माहेरी देवासला राहायला गेले. तिथेच वारले. मला कार्ड आलं नाही, पेपरात वाचलं.

तर गणेशोत्सव. हॉल गच्च. दुसऱ्या रांगेत कडेला पोतनीस आणि वासंतीवहिनी. त्यांनी इस्त्रीचा पांढरा शर्ट घातला होता, वहिनींनी जरीची साडी. सत्कार असावा तसे येऊन बसले होते. मी माईक घेतला. आठवडाभर पाठ केलेलं वाक्य म्हटलं. "मागच्या वर्षी मी याच जागेवरून यज्ञेश्वरराव पोतनिसांबद्दल जे सांगितलं, ते साफ खोटं होतं."

हॉल हसला.

"हसू नका. खरंच सांगतोय," मी म्हणालो. आणखी हसले. मागून कुणीतरी ओरडलं, "भय्यासाहेब, चाल, चाल." टाळ्या सुरू झाल्या. मी आणखी दोन वाक्यं तशीच, त्याच आवाजात बोललो असतो तर गप्प झाले असते. मला ठाऊक आहे, तीस वर्षं मी हॉल गप्प करत आणि हसवत आलो. पण समोर सहाशे लोक हसायला तयार बसले होते, आणि मी आधी टाच टेकवली.

मग चवडा. मग मान पुढे. मग सगळंच केलं. दवाखानाही केला. पापण्या अर्ध्या मिटून भुवया वर चढवल्या आणि जड जिभेनं म्हणालो, "आपलाच माल अंगावर आला. असं आहे बघा."

वासंतीवहिनी उठून बाहेर गेल्या. पोतनीस बसून राहिले. सगळा हॉल वळून त्यांच्याकडे बघत होता, म्हणून ते हसले. नीट, दात दिसतील असे, माझं संपेपर्यंत हसत राहिले.

पडद्यामागे लोक पाठ थोपटायला आले. म्हणाले, मागच्यापेक्षा यंदा जास्त रंगली. मी थँक्यू म्हणालो.